काळी पांढरी होते तेव्हा

सातारा आणि सांगली जिल्ह्यांतल्या बचत गटांच्या सगळ्या बायांना, आणि भाकरी थापता थापता रेडिओ ऐकणाऱ्या प्रत्येकीला आमचा नमस्कार.

आज आम्ही तुम्हाला चार-पाच हजार वर्षांपूर्वीच्या एका मुलखात नेणार आहोत. तो मुलूख म्हणजे सुमेर. आजच्या इराक देशाच्या दक्षिणेला तो होता. पण तिकडे जायच्या आधी आपल्याच बोलीतले दोन शब्द घेऊ. काळी आणि पांढरी.

काळी म्हणजे शेतजमीन आणि पांढरी म्हणजे गावठाण. काळीत राबायचं आणि पांढरीत राहायचं, असं आपले जुने लोक म्हणत. गावठाणाला पांढरी का म्हणतात? एकाच जागी पिढ्यान् पिढ्या माणसं राहिली की मातीच्या भिंती पडतात, त्यावर नव्या उभ्या राहतात. चुलीची राख, शेण, चुना, हाडं, खापरं सगळं त्याच जागी मुरतं. हळूहळू ती माती पांढरट, राखाडी होते आणि जागा आजूबाजूपेक्षा उंच होते. ओसाड पडलेल्या गावाची ओळखही तीच. भोवती काळी रानं आणि मध्येच एक पांढरट टेकाड. आपल्याकडे माळवदावर टाकायला लोक अशा टेकाडाची माती खणून आणत. महाराष्ट्रातली जुनी गावं शोधताना पुरातत्त्वाचे अभ्यासकही अशीच पांढरीची टेकाडं बघत फिरले.

सुमेरमध्ये दगड जवळजवळ नाही. तिथली घरं, देवळं, वाडे, शहराचे कोट, सगळं मातीच्या विटांचं. त्यामुळे तिथे आज जे उरलंय ते म्हणजे टेकाडं. तिकडच्या अरबी भाषेत अशा टेकाडाला टेल म्हणतात. आपली पांढरी आणि त्यांचं टेल म्हणजे एकच गोष्ट. फरक इतकाच की तिथल्या टेकाडांभोवती काळी उरलेली नाही. बऱ्याच ठिकाणी नजर पोचेल तिथवर उजाड माळ आहे आणि जमिनीवर पांढरा थर दिसतो. तो थर मिठाचा आहे. म्हणजे तिथे गावाची पांढरी झालीच, पण शेताचीही पांढरी झाली. आजचं आमचं सांगणं त्या दुसऱ्या पांढरीबद्दल आहे, कारण ती आपल्या कृष्णाकाठीही पसरते आहे.

मातीच्या पाट्यांवरचा हिशोब

टायग्रिस आणि युफ्रेटिस अशा दोन मोठ्या नद्या इराकमधून वाहतात. त्यांच्या खालच्या अंगाला, समुद्राजवळच्या सपाट गाळाच्या जमिनीत सुमेरची शहरं होती. उर, उरुक, लगाश, गिर्सू, निप्पूर, एरिडू ही त्यांची नावं. पाऊस तिथे इतका कमी की नुसत्या पावसावर पीक येत नाही. म्हणून त्यांनी नदीतून पाट काढले. पाटाच्या पाण्यावर सातू, म्हणजे जव, आणि गहू पिकवला. खजुराच्या बागा लावल्या. मेंढ्या पाळल्या, लोकरीचं कापड विणलं. पोटापुरतं होऊन धान्य उरायला लागलं तेव्हा ते कोठारात गेलं. कोठार आलं की हिशोब आलाच. किती पोती आली, कुणाला किती दिली, कुणाकडून किती यायची?

तो हिशोब ठेवायला त्यांनी ओल्या मातीच्या लहान पाट्या केल्या आणि त्यावर बोरूच्या टोकाने खुणा दाबल्या. इसवी सनापूर्वी ३३०० च्या सुमाराच्या अशा पाट्या उरुकमध्ये सापडल्या आहेत. जगातलं सगळ्यात जुनं लिखाण म्हणून अभ्यासक ज्याकडे बोट दाखवतात ते हेच. त्यात पोथ्या किंवा राजांच्या कहाण्या फारशा नाहीत. बहुतेक पाट्या म्हणजे धान्याची, मेंढरांची, मजुरांची नोंद आहे. गोष्टी, प्रार्थना, शाळेचे धडे हे सगळं पुढे शेकडो वर्षांनी आलं. म्हणजे मैत्रिणींनो, महिन्याच्या बैठकीत तुम्ही जी बचतीची वही भरता, ते काम माणसाच्या लिखाणाच्या अगदी मुळाशी आहे. वही भरायची वेळ आली की कुणी कंटाळली, तर तिला हे जरूर सांगा.

या पाट्यांमध्ये बायकाही सापडतात. लगाश राज्यात मोठमोठे विणकामाचे कारखाने होते आणि तिथे हजारो बायका, मुलं घेऊन, काम करत. त्यांना मजुरी धान्यात मिळे. इसवी सनापूर्वी २१०० च्या सुमाराच्या पाट्यांवरून दिसतं की पुरुष मजुराला महिन्याला साधारण ६० लिटर जव मिळे आणि बाईला साधारण ३०. भांगलणीला गेलेल्या बाईची आणि गड्याची हजेरी आजही सारखी नसते, हे आपण जाणतोच. तो फरक किती जुना आहे ते बघा. त्याच मुलखात एन्हेदुआन्ना नावाची बाई उरच्या चंद्रदेवाच्या देवळाची मुख्य पुजारीण होती. राजा सारगॉनची ती मुलगी. इसवी सनापूर्वी २३०० च्या सुमारास तिने देवीची सूक्तं रचली असं परंपरा सांगते. स्वतःच्या नावाने ओळखली जाणारी जगातली पहिली लेखिका किंवा लेखक म्हणून तिचं नाव घेतलं जातं.

आता व्याजाचं ऐका, कारण तो आपल्या रोजच्या जिव्हाळ्याचा विषय. धान्याच्या कर्जावर तिथे नेहमीचा दर एक तृतीयांश होता. तीन पायली जव नेले तर सुगीला चार पायली परत. चांदीच्या कर्जावर शेकडा २०. कर्ज फिटलं नाही की शेत जाई, आणि पुढे घरातलं माणूस सावकाराकडे राबायला जाई. पोरगी जाई, बायको जाई. असं फार वाढलं की कधीकधी राजा कर्जं रद्द करायचा आणि गहाण पडलेली माणसं सोडवायचा. या सुटकेला सुमेरी भाषेत अमर्गी म्हणत. त्या शब्दाचा सरळ अर्थ आईकडे परतणं. स्वातंत्र्य या अर्थाचा हा जगातला सगळ्यात जुना लिहिलेला शब्द समजतात. कर्जातून सुटणं म्हणजे माहेरी परतणं, हे आपल्याला वेगळं समजावून सांगायला लागत नाही.

आणखी एक वारसा तुमच्या मनगटावर आहे. साठ मिनिटांचा तास आणि साठ सेकंदांचं मिनिट आपण मानतो, त्या साठाच्या हिशोबाचं मूळ सुमेरी मोजणीत आहे.

पाटाचं भांडण

पाणी आलं की बांधाचं भांडण येतं. तिथेही आलं. लगाश आणि उम्मा ही शेजारची दोन राज्यं. त्यांच्यामध्ये एक सुपीक पट्टा होता आणि वरच्या अंगाचं पाणी उम्माकडून यायचं. या पट्ट्यावरून आणि पाण्यावरून दोघांत पिढ्यान् पिढ्या लढाया झाल्या. लगाशचा राजा एनमेतेना याने इसवी सनापूर्वी २४०० च्या सुमारास या भांडणाचा सगळा इतिहास मातीच्या शंकूवर लिहून ठेवला. तो शंकू आज पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. त्यात एक मजेची गोष्ट आहे. उम्माने लगाशकडून जव कर्जाने घेतले होते. त्यावर व्याज, व्याजावर व्याज चढत आकडा इतका फुगला की साऱ्या देशाच्या कोठारात तितकं धान्य मावणार नाही. चक्रवाढ व्याजाचा इतका जुना लेखी दाखला दुसरा सांगणं अवघड आहे.

उम्मा पाणी अडवतंय म्हणून लगाशने दुसरा मार्ग काढला. टायग्रिस नदीतून स्वतःचा मोठा कालवा आणला. पाणी भरपूर झालं. सगळ्यांना आनंद झाला असणार. पण पुढे काय झालं ते थॉर्किल्ड जेकबसन आणि रॉबर्ट ॲडम्स या दोन अभ्यासकांनी १९५८ साली मांडलं. त्यांनी जुन्या मडक्यांवरचे दाण्यांचे ठसे आणि पुढच्या काळातल्या धान्याच्या पाट्या यांवरून पिकांचा हिशोब काढला. इसवी सनापूर्वी ३५०० च्या सुमारास गहू आणि जव जवळजवळ बरोबरीने होते. २५०० च्या सुमारास गहू सहाव्या हिश्शावर आला. २१०० च्या सुमारास गिर्सूच्या भागात गहू शंभरात दोन इतकाच राहिला. १७०० पर्यंत दक्षिणेत गहू संपला. गव्हाला मीठ सोसत नाही, जवाला बऱ्यापैकी सोसतं. म्हणून शेतकरी जवाकडे वळत गेले. पण जवाचंही उत्पन्न उतरत गेलं. हेक्टरी सुमारे २५०० लिटर होतं ते तीनशे वर्षांत सुमारे १४५० वर आलं, आणि १७०० च्या सुमारास ९०० वर.

सुमेर नुसत्या मिठाने बुडालं असं मात्र कुणी समजू नये. नद्यांनी पात्रं बदलली, लढाया झाल्या, इसवी सनापूर्वी २००४ च्या सुमारास पूर्वेकडच्या एलामी लोकांनी उर लुटलं. मिठाचा वाटा किती, यावर अभ्यासकांत वादही आहे. पण शेत पांढरं पडलं की कोठार रिकामं होतं, आणि रिकाम्या कोठाराचं राज्य कुठलंच संकट पेलत नाही.

आपल्या मातीतलं इनामगाव

आता आपल्याकडे येऊ. सुमेरची जहाजं आणि आपला देश यांचा संबंध जुना आहे. तिथल्या लेखांत मेलुहा नावाच्या दूरच्या देशाची जहाजं येत असल्याची नोंद आहे. हा मेलुहा म्हणजे सिंधू नदीकाठचा, हडप्पा लोकांचा प्रदेश असं बहुतेक अभ्यासक मानतात. लिओनार्ड वुली यांनी १९२२ ते १९३४ या काळात उर खणलं तेव्हा राजघराण्याच्या थडग्यांत लाल अकीकाचे मणी मिळाले. त्यांतले काही सिंधूच्या कारागिरांच्या हातचे. त्याच हडप्पा लोकांची उतरती खूण महाराष्ट्रात प्रवरा नदीकाठी दायमाबादला सापडते. तिथे १९७४ साली एका गावकऱ्याला खणताना चार पितळी रंगाच्या जड वस्तू मिळाल्या. हत्ती, गेंडा, रेडा आणि बैलजोडी जुंपलेला रथ. चारही मिळून वजन साठ किलोच्या वर. त्या काशाच्या निघाल्या.

पण आपल्या पहिल्या शेतकऱ्यांचं घर बघायचं तर पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात, घोड नदीच्या काठी इनामगावला जावं लागतं. तिथलं पांढरीचं टेकाड पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात खणलं. ह. धी. सांकळिया, म. के. धवलीकर, झै. दा. अन्सारी हे त्यातले प्रमुख. इसवी सनापूर्वी १६०० च्या सुमारास इथे वस्ती झाली आणि साधारण नऊशे वर्षं टिकली. शंभराहून जास्त घरं उघडी झाली. कुडाच्या, मातीने लिंपलेल्या भिंती, आत चूल, धान्याच्या कणग्यांच्या जागा. एक घर पाच खोल्यांचं, बहुधा गावच्या प्रमुखाचं, आणि त्याच्या शेजारी धान्याचं कोठार. मुख्य पीक कोणतं, तर सातू. सुमेरमध्ये होतं तेच. जोडीला गहू, मसूर, कुळीथ, वाटाणा.

घरातलं मूल गेलं तर त्याला दोन रांजणांत, तोंडाला तोंड लावून, घराच्या जमिनीखालीच पुरत. मोठ्या माणसाला पुरताना घोट्यापासून पाय तोडत. त्याचं कारण कुणी सांगून ठेवलेलं नाही, कारण इनामगावला लिपी नव्हती. मातीच्या डबीत ठेवलेली एक बिनडोक्याची देवीही मिळाली, सोबत बैल.

आपल्या विषयासाठी महत्त्वाचं हे की इनामगावच्या लोकांनी नदीचं पाणी वळवायला बांध घातला होता आणि पाट खणला होता. तीन हजार वर्षांपूर्वीचं हे सामुदायिक काम. एकट्या घराला ते जमलं नसतं. पण इसवी सनापूर्वी १००० नंतर दिवस फिरले. पाऊस कमी होत गेला असं धवलीकरांनी मांडलं. ऐसपैस चौकोनी घरांच्या जागी छोट्या गोल झोपड्या आल्या. शेती आटली, गुरं आणि शिकार यांवर भर आला. ७०० च्या सुमारास लोक ती पांढरी सोडून निघून गेले.

दोन गोष्टी शेजारी ठेवा. इनामगाव पाणी कमी पडलं म्हणून मोडलं. सुमेरची काळी पाणी जास्त झाल्याने आणि त्याचा निचरा न झाल्याने पांढरी पडली. आपल्या दोन जिल्ह्यांत या दोन्ही गोष्टी आज एकाच वेळी आहेत. माण, खटाव, आटपाडी, जत, कवठेमहांकाळकडच्या बायांना टँकरची रांग माहीत आहे. आणि वाळवा, पलूस, मिरजेच्या कृष्णाकाठच्या बायांना क्षारपड रान माहीत आहे. कृष्णेच्या खोऱ्यात अशी हजारो हेक्टर जमीन आहे. एके काळी एकरी ऊस मोजताना छाती फुगायची, त्या रानात आज वेडी बाभळही नीट येत नाही.

मीठ येतं कुठून?

बायांना हे समजायला सोपं आहे, कारण आपण भिंतीला लोणा लागलेला बघतो. जुन्या घराच्या भिंतीत खालून ओल चढते. वरची ओल वाळते आणि पांढरी बुकटी मागे राहते, गिलावा सुटतो. शेतात नेमकं हेच होतं.

नदीच्या, विहिरीच्या पाण्यात थोडं मीठ असतंच. पीक पाणी पितं, मीठ मातीत राहतं. पाणी बेतानं दिलं आणि पावसाळ्यात ते धुऊन खाली जायला वाट असली तर अडचण येत नाही. पण वर्षानुवर्षं एकच ऊस, दर पाळीला पाट भरून पाणी, आणि कालव्याची गळती. मग जमिनीखालचं पाणी वर वर येतं. आपली खोल काळी माती चिकण असते, ती पाणी लवकर खाली सोडत नाही. खालचं पाणी पाच-सहा फुटांवर आलं की दिव्याच्या वातीतून तेल चढावं तसं ते मातीतून वर चढतं. उन्हाने पाणी उडून जातं आणि मीठ वर बसतं. सकाळी रानात गेलं की पांढरा थर दिसतो.

सुमेरच्या शेतकऱ्यांना हे अजिबात कळत नव्हतं असं नाही. ते शेत एक वर्षाआड पड ठेवत. पडीक रानात खोल मुळांची काटेरी झुडपं माजत, ती खालचं पाणी शोषून घेत आणि जमीन खालून कोरडी होई. अभ्यासक सांगतात की धान्याची मागणी आणि कर वाढले तशी ही पड मोडत गेली. म्हणजे जमिनीला विसावा नाही आणि पाणी मात्र जास्त. आपल्या जुन्या लोकांची फेरपालट आपण उसापायी सोडली, ती हीच चाल आहे.

जमीन पांढरी पडते तेव्हा घरात काय होतं, ते कृष्णाकाठच्या बाया सांगतील. ऊस जातो, पण सोसायटीचं कर्ज राहतं. विहिरीचं पाणी मचूळ होतं, डाळ शिजत नाही. बागायतदाराच्या घरची सून दुसऱ्याच्या बांधावर मजुरीला जाते. सातबाऱ्यावर तिचं नाव बहुधा नसतं. किती पाणी सोडायचं हे तिला कुणी विचारलेलं नसतं, पण पांढऱ्या रानाचा भार मात्र तिच्या डोक्यावर येतो.

आता पाणी आलंय, मग?

हे सगळं आज सांगायचं कारण असं. टेंभू, ताकारी, म्हैसाळ, जिहे-कठापूर या उपसा योजनांनी कृष्णेचं पाणी दुष्काळी तालुक्यांत पोचतंय. त्यासाठी लोकांनी वर्षानुवर्षं मोर्चे काढले, बायांनी रिकाम्या घागरी घेऊन ठिय्या दिला. ते पाणी आपल्या हक्काचंच आहे. पण पाणी आलं की पहिला विचार उसाचा येतो. माळाची मुरमाड जमीन पाणी खाली सोडते, तिला भीती कमी. ओढ्याकाठची, तळातली खोल काळी मात्र सांभाळायला हवी. कृष्णाकाठी जे व्हायला तीस-चाळीस वर्षं लागली ते आपल्याकडे होऊ द्यायचं की नाही, हे आत्ता ठरतंय.

आपल्याच भागात वेगळा रस्ता दाखवलेला आहे. खानापूर तालुक्यात येरळा नदीवर बलवडी-तांदूळवाडीच्या लोकांनी बळीराजा धरण स्वतः उभं केलं. त्या पाण्यात भूमिहीनांनाही वाटा धरला आणि त्यावर ऊस घ्यायचा नाही असं ठरवलं. पाणी सगळ्यांना, पण बेतानं, असा तो विचार.

आणि जी जमीन पांढरी पडलीच आहे तिचं काय? ती परत येऊ शकते. शेजारच्या शिरोळ तालुक्यात दत्त साखर कारखान्याच्या पुढाकाराने शेतकऱ्यांनी एकत्र येऊन जमिनीखाली छिद्रांच्या पाइपांचं जाळं टाकलं. साधारण चार-पाच फुटांवरच्या या पाइपांतून खारं पाणी नाल्याकडे जातं आणि पावसाचं गोडं पाणी मीठ धुऊन नेतं. याला भूमिगत निचरा म्हणतात. सांगलीजवळ कसबे डिग्रजच्या कृषी संशोधन केंद्रातही क्षारपड जमिनीवर काम झालं आहे. यात अडचण एकच. पाइप एकट्याच्या रानात संपत नाही. तो शेजाऱ्याच्या बांधाखालून ओढ्यापर्यंत न्यावा लागतो. लगाश आणि उम्मासारखं भांडत बसलो तर दोघांचीही काळी जाते. दहा घरं एकत्र आली तरच हे काम होतं, आणि दहा घरं एकत्र आणायचं काम आपले गट रोजच करतात.

म्हणून प्रत्येक गटाने पाच गोष्टी कराव्यात असं आम्हाला वाटतं.

एक. गटातून शेतीसाठी कर्ज देताना माती परीक्षणाचा कागद मागा. त्यावर दोन आकडे बघा. सामू साडेआठाच्या वर असेल तर जमीन चोपण होते आहे. विद्राव्य क्षारांचा आकडा चारच्या वर असेल तर ती खारवट झाली आहे.

दोन. दुकानदार म्हणाला म्हणून सरसकट जिप्सम टाकू नका. जिप्समचा उपयोग चोपण जमिनीला होतो. नुसत्या खारवट जमिनीला आधी निचरा लागतो. निचरा नसेल तर दोन्हीकडचा पैसा वाया जातो.

तीन. उसाला ठिबक करा. उसानंतर पुन्हा ऊस न घेता हरभरा, सोयाबीन अशी फेरपालट करा. मध्ये ताग किंवा धैंचा गाडा.

चार. बांधाकडचे नैसर्गिक ओढे, नाले बुजवू देऊ नका. दोन सरी जास्त मिळतात म्हणून नाला बुजवला की पाणी जाणार कुठे? ग्रामसभेत हा प्रश्न बायांनीच उठवावा.

पाच. दर महिन्याच्या बैठकीच्या आदल्या दिवशी जवळच्या विहिरीत दोर सोडून पाणी जमिनीपासून किती हात खाली आहे ते मोजा आणि बचतीच्या वहीतच शेवटच्या पानावर तारीख घालून लिहा. खर्च काही नाही. पाणी दरसाल वर येताना दिसलं की रान पांढरं पडायच्या कितीतरी आधी आपल्याला कळेल.

सुमेरच्या पाट्यांत गहू कमी होत गेला त्याची नोंद आहे. कारकून धान्य मोजत राहिले आणि लिहीत राहिले. पण जमिनीखालचं पाणी कुणी मोजल्याची नोंद नाही. आपल्याकडे वही आहे, दोर आहे, आणि दर महिन्याला एकत्र बसणाऱ्या दहा-पंधरा जणी आहेत. या महिन्यापासून ते पान सुरू करा आणि काय दिसतं ते आम्हाला कळवा. तुमच्या गावचे आकडे आपण याच कार्यक्रमात वाचून दाखवू.

नमस्कार.